नेमकी कोणती फाइल उचलली?

संशोधन संस्थेच्या संगणक विभागात तक्रार येते ती बहुतेक वेळा व्हॉट्सॲपवर, आणि तीही स्क्रीनच्या तिरक्या फोटोच्या रूपात. फोटोत ट्यूबलाइटचं प्रतिबिंब, कोपऱ्यात कुणाचा तरी अंगठा आणि मधोमध एक ओळ: अमुक शेअर्ड लायब्ररी लोड करता आली नाही, अशी फाइलच नाही. खाली मजकूर ठरलेला, 'मॅडम, काल चालत होतं.'

पुण्यातल्या एका संस्थेचा क्लस्टर मी सांभाळते. कागदोपत्री माझं काम नोड, स्टोरेज आणि जॉबची रांग बघण्याचं आहे. प्रत्यक्षात दिवस जातो तो शेवटी 'डॉट एसओ' असलेल्या फाइलींमध्ये. विंडोजवाले त्यांना डीएलएल म्हणतात. संशोधकाचा प्रोग्रॅम बघायला गेलं तर छोटासाच असतो. हजारो समीकरणं एकदम सोडवणं, मॅट्रिक्सचा गुणाकार, आयगेनव्हॅल्यू काढणं ही अंगमेहनतीची कामं तो स्वतः करतच नाही. ती करणारा कोड वेगळ्या फाइलीत असतो आणि प्रोग्रॅम सुरू होताना ती फाइल मेमरीत आणून जोडली जाते. मॅटलॅब, ऑक्टेव्ह, सायलॅब, आर, नमपाय यांचे चेहरे वेगळे, चाहते वेगळे, भांडणं तर फारच वेगळी. पण मॅट्रिक्सचा गुणाकार आला की सगळे मुकाट खाली उतरतात ते ब्लास आणि लॅपॅक या दोन नावांपाशीच.

लायब्ररी शेअर्ड ठेवण्यात शहाणपण आहे. डिस्कवर एक प्रत, मेमरीतही कोडची एकच प्रत, ती एका वेळी पन्नास प्रोग्रॅम वापरतात. दोष सापडला तर एकाच फाइलीत दुरुस्त केला की पुरे. पण त्याची किंमत अशी, की प्रोग्रॅमच्या आत लायब्ररीचं फक्त नाव असतं, पत्ता नसतो. पत्ता शोधतो तो लोडर, आणि तोही ऐनवेळी, प्रोग्रॅम सुरू होताना. लिनक्सवर त्याचा क्रम ठरलेला आहे. प्रोग्रॅममध्येच 'आरपाथ' कोरलेला असेल तर आधी तिथे, मग 'एलडी लायब्ररी पाथ' या व्हेरिएबलमध्ये लिहिलेल्या फोल्डरांत, मग 'रनपाथ' असेल तर त्यात, मग सिस्टिमने आधीच बनवून ठेवलेल्या यादीत, आणि सगळ्यात शेवटी लिब आणि यूएसआर-लिब या ठरलेल्या फोल्डरांत. (आरपाथ आणि रनपाथ दोन्ही असतील तर आरपाथ धरतच नाहीत. हे असं का, असं स्वतःहून विचारणारा विद्यार्थी अजून भेटायचाय.) नावाची पहिली जुळणारी फाइल सापडली की शोध थांबला. पुढच्या फोल्डरात तिच्याहून नवी, तिच्याहून दसपट वेगवान फाइल पडलेली असली तरी लोडरला त्याचं सोयरसुतक नसतं.

त्यामुळे 'काल चालत होतं' ही तक्रार बहुधा खरीच असते. प्रोग्रॅम तोच असतो. मध्ये कुणीतरी नवा मॉड्यूल लोड केलेला असतो, किंवा घरच्या फोल्डरात ॲनाकोंडा बसवलेला असतो, आणि त्याने शोधाच्या रांगेत आपलं फोल्डर पुढे घुसवलेलं असतं.

अशी एक गोष्ट फोनवर निस्तरली होती. एका विद्यार्थ्याने त्याच्या नव्याकोऱ्या लॅपटॉपवर कंपाइल केलेला प्रोग्रॅम आणून क्लस्टरवर चालवला. एरर आली की गणिती लायब्ररीत ग्लिबसी २.२९ सापडत नाही. कारण साधं होतं. ग्लिबसी म्हणजे लिनक्सची मूळ सी लायब्ररी. तिच्या २.२९ मध्ये एक्स्प, लॉग, पॉव या फंक्शनांच्या नव्या नोंदी आल्या आणि लॅपटॉपवरच्या कंपायलरने प्रोग्रॅम त्या नव्या नोंदींना बांधला होता. आमच्या क्लस्टरवर तेव्हा सेंटओएस ७, त्यात ग्लिबसी २.१७. जुना प्रोग्रॅम नव्या ग्लिबसीवर चालतो, उलटं चालत नाही. पठ्ठ्याने डोकं लढवलं. लॅपटॉपवरची ग्लिबसी उचलून घरच्या फोल्डरात टाकली आणि पाथमध्ये ते फोल्डर पहिलं लावलं. त्या क्षणापासून त्याच्या टर्मिनलमध्ये एलएस चालेना, सीपी चालेना, एडिटर उघडेना. जी कमांड द्यावी ती जागीच आडवी. कारण प्रत्येक कमांड सुरू होताना तीच परकी ग्लिबसी उचलत होती, आणि लोडर मात्र जुन्या ग्लिबसीचा. त्या दोघांचं आपसात जमणं शक्यच नसतं.

'मॅडम, माझं अकाउंट गेलं. सगळा डेटा गेला.' आवाज रडवेला.

'काही गेलेलं नाही. टर्मिनल बंद करू नकोस. टाइप कर: अनसेट, स्पेस, एलडी लायब्ररी पाथ. कॅपिटलमध्ये.'

'पण कुठलीच कमांड चालत नाहीये ना!'

'ही चालेल.'

चालली. अनसेट ही वेगळी फाइल नाही, ती शेलच्या पोटातच असते, आणि शेल तर आधीपासून चालू होता. त्याला नवीन काही लोड करायची गरज नव्हती. मुलगा एवढा खूश झाला, की दुसऱ्या दिवशी चितळ्यांची बाकरवडी घेऊन आला. प्रोग्रॅम नंतर क्लस्टरवरच पुन्हा कंपाइल केला आणि विषय संपला.

पण असल्या बोंब मारणाऱ्या एरर मला परवडतात. प्रोग्रॅम सुरूच होत नाही म्हटल्यावर सगळ्यांना कळतं की काहीतरी बिघडलंय. माझी झोप उडवतात ते गप्प बसणारे प्रकार, आणि ते गप्प का बसतात हे कळायला ब्लासचा थोडा इतिहास लागतो.

१९७९ मध्ये लॉसन, हॅन्सन, किनकेड आणि क्रॉग यांनी वेक्टरवरच्या मूलभूत क्रियांचा एक संच फॉरट्रानसाठी प्रसिद्ध केला. १९८८ मध्ये त्यात मॅट्रिक्स आणि वेक्टरच्या क्रियांची भर पडली, १९९० मध्ये मॅट्रिक्स गुणिले मॅट्रिक्सची. त्यांच्या आधारावर लॅपॅक उभं राहिलं ते १९९२ मध्ये. या सगळ्या वाटचालीत असलेले जॅक डोंगारा यांना २०२१ चं ट्युरिंग पारितोषिक मिळालं, तेव्हा आमच्या विभागात कुणीतरी पेढे वाटायला हवे होते असं मला अजून वाटतं. या मंडळींनी फंक्शनांची नावं ठरवली, त्यांना काय द्यायचं आणि काय परत यायचं ते ठरवलं. आतलं गणित कसं करायचं हे मात्र ज्याच्या त्याच्यावर सोडलं. म्हणून आज 'डीजेम', म्हणजे मॅट्रिक्सच्या गुणाकाराचं फंक्शन, डझनभर लायब्रऱ्यांत त्याच नावाने मिळतं. नेटलिबची मूळ नमुना प्रत आहे. स्वतःच चाचण्या घेऊन मशीनला जुळवून घेणारी ॲटलास आहे. इंटेलची एमकेएल आहे. आणि काझुशिगे गोतो यांची गोतोब्लास.

गोतोंबद्दल थोडं लिहायलाच हवं. जपानच्या पेटंट कार्यालयात नोकरी करणारा हा माणूस टेक्सास विद्यापीठात ऑस्टिनला आला आणि प्रोसेसरच्या असेंब्ली भाषेत हाताने कोड लिहून भल्याभल्या कंपन्यांच्या लायब्रऱ्यांना वेगात मागे टाकू लागला. कॅशमध्ये मावतील एवढे मॅट्रिक्सचे तुकडे पाडायचे, ही कल्पना आधीपासून होती. गोतोंनी तपासलं ते असं, की आकडा कॅशमध्ये आहे एवढ्याने भागत नाही; त्याचा पत्ता मेमरीच्या कोणत्या पानावर आहे हे शोधण्यातही प्रोसेसरचा वेळ जातो. तेव्हा तुकडे असे पाडा आणि सलग मांडा, की पानंही कमी बदलावी लागतील. रॉबर्ट व्हॅन डी हाइन यांच्यासोबतचा त्यांचा २००८ चा लेख आजही या विषयातला पहिला पाठ आहे. गोतोंनी ते काम थांबवल्यावर झांग शियान्यी आणि सहकाऱ्यांनी २०११ मध्ये त्याच कोडमधून ओपनब्लास सुरू केलं. पुण्यातली एखादी मुलगी दोन ओळींचं पायथन लिहून मॅट्रिक्सचा गुणाकार करते, तेव्हा बऱ्याचदा त्या माणसाने घडवलेली चौकट खाली राबत असते.

याने फरक किती पडतो? ५,००० गुणिले ५,००० ची मॅट्रिक्स घ्या. मेमरीत ती २०० मेगाबाइट होते. अशा दोन मॅट्रिक्सच्या गुणाकाराला २५० अब्ज क्रिया लागतात. नेटलिबची नमुना प्रत एका कोअरवर दोन-तीन मिनिटं दळत बसते. चांगली लायब्ररी सगळ्या कोअर वापरून तेच काम सेकंदाच्या आतबाहेर उरकते. भूशास्त्राच्या एका गटाची तक्रार होती की क्लस्टर त्यांच्या लॅपटॉपपेक्षा मंद आहे. त्यांचे जॉब नमुना प्रत उचलत होते. प्रोग्रॅममधलं एक अक्षर न बदलता, पुन्हा कंपाइल न करता, फक्त दुसरी फाइल त्याच नावाने पुढे केली. त्यानंतर त्या गटाकडून रांगेबद्दल तक्रार येऊ लागली, क्लस्टरबद्दल नाही.

त्याच नावाने दुसरी फाइल पुढे करता येते, हीच सोय आणि हीच गोम. नाव जुळलं की लोडर समाधानी. आतला व्यवहार जुळतो की नाही हे तो तपासत नाही.

गप्प प्रकारांतला माझा सगळ्यात लाडका, म्हणजे ज्याने मला सगळ्यात जास्त छळलं तो, पूर्णांकांच्या रुंदीचा. ब्लास-लॅपॅकला मॅट्रिक्सचा आकार पूर्णांकात सांगावा लागतो आणि तो पूर्णांक मुळात ३२ बिटांचा. मॅट्रिक्सची बाजू ४६,३४० च्या वर गेली की एकूण घटकांची संख्या ३२ बिटांत मावत नाही. तेवढी मॅट्रिक्स म्हणजे १७ गिगाबाइट, आजच्या हिशेबाने फार मोठी नाही. म्हणून त्याच लायब्ररीचे ६४ बिटांच्या पूर्णांकांचे अवतारही मिळतात, आणि कित्येकदा फंक्शनांची नावं दोन्हीकडे तीच असतात.

भौतिकशास्त्राच्या एका पीएचडीच्या विद्यार्थिनीला डिटर्मिनंट काढायचे होते. रीत नेहमीची: लॅपॅकच्या फंक्शनने मॅट्रिक्सचे दोन त्रिकोणी भाग करायचे, कर्णावरचे आकडे गुणायचे, आणि ओळींची अदलाबदल किती वेळा झाली ते मोजून चिन्ह ठरवायचं. तिचं म्हणणं, 'मॅडम, आकडा बरोबर येतो, पण अधिक-उणे कधी बरोबर, कधी चूक.' गाइडचं मत पडलं की कोड चुकलाय. कोड मी ओळीओळीने वाचला. कोडमध्ये काही नव्हतं.

प्रोग्रॅम ६४ बिटांच्या पूर्णांकांनी कंपाइल केलेला होता आणि नोडवर लोड होत होती ती ३२ बिटांची लायब्ररी. मग सगळंच कोसळायला हवं ना? इथेच गंमत आहे. आपल्या प्रोसेसरवर आकड्याचा लहान भाग मेमरीत आधी ठेवतात. प्रोग्रॅमने ६४ बिटांत १०० लिहून पत्ता दिला, लायब्ररीने त्यातले पहिले ३२ बिटच वाचले, तरी १००च मिळाले. सुटे आकडे त्यामुळे निभावून गेले. दशांशाचे आकडे तर दोन्हीकडे सारखेच, म्हणून कर्णावरचे आकडेही अचूक. फसली ती फक्त अदलाबदलीची यादी. लायब्ररीने ३२-३२ बिटांचे आकडे चिकटून लिहिले, प्रोग्रॅमने ते ६४-६४ करून वाचले. दोन आकड्यांचा मिळून एक अगडबंब आकडा, आणि यादीचा मागचा अर्धा भाग शून्यच. कुठलीच नोंद आपल्या क्रमांकाशी जुळेना, म्हणून प्रोग्रॅमने प्रत्येक ओळीची अदलाबदल झाली असं धरलं. तिच्या मॅट्रिक्स सम आकाराच्या होत्या, त्यामुळे अदलाबदलीतून येणारं चिन्ह दरवेळी अधिकच. खरी अदलाबदल सम वेळा झाली असेल तेव्हा उत्तर बरोबर, विषम वेळा झाली असेल तेव्हा उलटं.

कुठेही एरर नाही, इशारा नाही. तिच्या मशीनवर बरोबर, लॉगिन नोडवर बरोबर, जॉब लागला की चूक. ती आणि मी रात्री उशिरापर्यंत बसून शेवटी चालत्या जॉबच्या मेमरीचा नकाशा उघडला. लिनक्समध्ये प्रॉक फोल्डरात प्रत्येक प्रोसेसचा असा नकाशा असतो, त्यात खरोखर लोड झालेल्या फाइलींचे पूर्ण पत्ते असतात. तिथे ती फाइल दिसली. एलडीडी कमांडवर लोक विसंबतात, पण एलडीडी सांगते ते आत्ता, या टर्मिनलमधून काय लोड झालं असतं, एवढंच. रांगेतून गेलेल्या जॉबचं वातावरण निराळं असू शकतं, आणि प्रोग्रॅमने वाटेत स्वतःहून उघडलेल्या लायब्रऱ्या तर एलडीडीला दिसतच नाहीत. तेव्हापासून माझ्याकडच्या प्रत्येक जॉबच्या लॉगमध्ये तो नकाशा आपोआप उतरतो. लॉग लांबतात म्हणून काही जण कुरकुरतात. कुरकुरू देत.

याउलट काही तक्रारींत बिघाड नसतोच. एका मुलाचा तरंगफलनाचा आलेख एका नोडवर सुलटा, दुसऱ्यावर उलटा यायचा. तो नोडच खराब म्हणून बदलून मागत होता. आयगेनव्हेक्टरला चिन्ह नसतं. तो आणि त्याचा उणे, दोन्ही तितकेच बरोबर. एका नोडचा प्रोसेसर एका झटक्यात चार दशांश आकडे हाताळणारा, दुसऱ्याचा आठ. ओपनब्लास प्रोसेसर ओळखून त्याला साजेसा कोड निवडतं, बेरजांचा क्रम बदलतो, आणि दशांशांची बेरीज संगणकात क्रम बदलला की शेवटच्या अंकांत बदलते. तेवढ्याशा फरकाने व्हेक्टर कुठल्या बाजूला तोंड करेल ते ठरतं. आपण चिन्हाचा नियम स्वतः ठरवून घ्यावा, लायब्ररीकडून अपेक्षा करू नये, हे त्याला पटायला आठवडा लागला. त्याच्या गाइडना अजून पटलं आहे असं दिसत नाही.

अलीकडे या सगळ्या कटकटीवर लोकांनी वेगळाच तोडगा काढला आहे: शेअर करायचंच नाही. पिपने नमपाय बसवलं की ते आपलं ओपनब्लास बरोबर घेऊन येतं. वेगळं फोल्डर, फाइलीच्या नावात हॅशची अक्षरं घुसडलेली, म्हणजे दुसऱ्या कुणाशी गल्लत नको. सायपाय बसवलं की ते आपलं वेगळं आणतं. एका प्रोसेसमध्ये एकाच लायब्ररीच्या दोन-तीन प्रती नांदतात. मूळ कल्पना होती सगळ्यांत मिळून एक प्रत, आणि आता ज्याचा त्याचा सवता सुभा. माझ्यासारख्या जुन्या लोकांना हे खटकतं, पण तक्रारीचे फोटो यामुळे कमी झाले हे नाकारता येणार नाही. नवी डोकेदुखी थ्रेडची. प्रत्येक प्रतीला वाटतं सगळा नोड आपलाच. ४८ कोअरच्या नोडवर कुणी ४८ प्रोसेस सोडल्या आणि प्रत्येकीतल्या ब्लासने ४८ थ्रेड उघडले, की झाले २,३०४. सगळे एकमेकांच्या पायात. अशा वेळी ओएमपी नम थ्रेड्स हे व्हेरिएबल एकवर आणायला सांगते. जॉब लगेच पळू लागतो आणि मला फुकटचं श्रेय मिळतं.

३० जून २०२४ ला सेंटओएस ७ चा आधार संपला आणि आम्हालाही क्लस्टर नव्या सिस्टिमवर न्यावा लागला. तेव्हा रसायनशास्त्राचे एक ज्येष्ठ प्राध्यापक एक बायनरी घेऊन आले. फॉरट्रानमधली, त्यांच्या जुन्या विद्यार्थ्याने लिहिलेली. विद्यार्थी परदेशात, सोर्स कोडचा पत्ता नाही. बायनरी मागत होती फॉरट्रानच्या रनटाइम लायब्ररीची ३ क्रमांकाची आवृत्ती. नव्या सिस्टिमवर होती ती ५ क्रमांकाची. कुणीतरी त्यांना ५ ला ३ असं नाव देऊन दुवा करायचा सल्ला दिला होता आणि त्यांनी तो करून पाहिला होता. सुदैवाने त्या लायब्ररीत प्रत्येक फंक्शनच्या नोंदीवर आवृत्तीचा शिक्का असतो, म्हणून लोडरने साफ नकार दिला. नाहीतर पुन्हा एक गप्प प्रकार माझ्या दारात आला असता.

जुन्या नोडवरून ३ क्रमांकाची फाइल आणि तिच्या सोबत्या लायब्रऱ्या काढून घेतल्या. ग्लिबसीला हात लावला नाही, ती नव्या सिस्टिमचीच. जुन्यांना सांभाळून घेणं तिला जमतं. बाकीच्या फाइली बायनरीच्या शेजारी एका फोल्डरात ठेवल्या आणि पॅचएल्फने बायनरीत कोरून टाकलं की आधी स्वतःच्या शेजारी शोध. त्यांच्या जुन्या कागदावरच्या एका रेणूची ऊर्जा काढून पाहिली, छापलेल्या शेवटच्या अंकापर्यंत जुळली.

'किती वर्षं चालेल आता हे?' सरांनी विचारलं.

'बरीच चालेल, सर. पण हे नव्याने लिहून घेतलेलं बरं. तुम्ही रिटायर झाल्यावर यात काय आहे हे कोण सांगणार?'

फॉरट्रान येणारं कुणी आहे का तुमच्या ओळखीत, असं त्यांनी विचारलं. मी दोघांची नावं दिली. त्यातली एक ती डिटर्मिनंटवाली.